ज्यूंचे रब्बी, रब्बीणबाई आणि लग्नाची गाठ

काही दिवसांपूर्वी एका खेड्यातील शाळेत व्याख्यानासाठी गेलो होतो. विषय होता जगातील धर्म. व्याख्यान आटोपल्यावर चहाच्या वेळी तिथल्या एका गुरुजींनी विचारले, "सर, कॅथलिक पाद्री लग्न करीत नाहीत. आपले भटजी करतात, मौलवीही करतात. मग ज्यू लोकांचा तो रब्बी, त्याला बायको असते का हो?" शेजारी बसलेले एक शेतकरी हसून म्हणाले, "रब्बी म्हणजे आम्हांला आपला गहू-हरभरा ठाऊक!"

दोघांचेही बरोबर होते. शेतकऱ्याचा रब्बी हा शब्द अरबीतून आलेला. त्याचा मूळ अर्थ वसंत ऋतू. ज्यूंचा रब्बी हा शब्द हिब्रू भाषेतला. 'रव' म्हणजे थोर, जाणता. आणि 'रब्बी' म्हणजे 'माझे गुरुजी'. तेव्हा प्रश्न विचारणारे गुरुजी आणि ज्यांच्याविषयी प्रश्न होता ते रब्बी, हे एका अर्थी एकाच व्यवसायातले निघाले. त्या प्रश्नाचे उत्तर चहाच्या एका कपात बसण्यासारखे नव्हते. ते सावकाश द्यावे म्हणून हा लेख. आणि हे उत्तर शेवटी आपल्याच कोकण किनाऱ्यावर येऊन ठेपते, हेही आधीच सांगून ठेवतो.

प्रथम एक गैरसमज काढून टाकू. रब्बी हा पुजारी नव्हे. प्राचीन काळी यरुशलेमला ज्यूंचे मोठे मंदिर होते. तिथे यज्ञ होत आणि ते करणारे पुरोहित वंशपरंपरेने येत. त्यांना 'कोहेन' म्हणतात. इसवी सन ७० मध्ये रोमन सैन्याने ते मंदिर जाळले. यज्ञ संपले, पुरोहितांचे काम संपले. मग धर्म टिकवायचा कशावर? तो ग्रंथावर आणि अध्ययनावर टिकला. ग्रंथ शिकलेला, अडीअडचणीला त्यातून निर्णय देणारा जो माणूस, तो रब्बी. त्याला जन्माची अट नाही, विद्येची आहे. गवंड्याचा मुलगाही रब्बी होऊ शकतो, आणि रब्बीचा मुलगा न शिकला तर रब्बी होत नाही.

जुन्या काळचे रब्बी तर या कामाचे पैसेही घेत नसत. कोणी वहाणा शिवी, कोणी कोळसे पाडी, कोणी रानात मोळ्या तोडी. दिवसा धंदा आणि उरल्या वेळात विद्या, असा क्रम होता. पगारी रब्बी ही चाल पुढे मध्ययुगाच्या अखेरीस रुळली.

आता गुरुजींचा प्रश्न. रब्बीला बायको असते का? असते, नुसती असते असे नाही, असावी अशी अपेक्षाच असते. ज्यू धर्मात संन्यासाला मोठेपणा नाही. लग्न करावे, मुलेबाळे व्हावीत, ही धर्माज्ञाच मानली आहे. जुन्या मंदिरातल्या महापुरोहितालासुद्धा वर्षातल्या सर्वांत पवित्र दिवशी, म्हणजे प्रायश्चित्ताच्या दिवशी, विधी करायचा तर तो विवाहित असावा लागे. ज्याला स्वतःचे घर नाही त्याने सगळ्या समाजाच्या घरांसाठी क्षमा कशी मागावी, असा त्यामागचा विचार दिसतो. बेन अझ्झाई नावाचा एक मोठा पंडित होऊन गेला. तो लग्नाचे महत्त्व इतरांना फार छान समजावून सांगे, पण स्वतः अविवाहित. सहकाऱ्यांनी त्याला टोकले, "बोलतोस चांगले, वागत मात्र नाहीस!" त्यावर त्याने कबूल केले की आपला जीव ग्रंथातच गुंतला आहे, त्याला इलाज नाही. त्याला कोणी वाळीत टाकले नाही. पण त्याचा आदर्श पुढे ठेवा, असेही कोणी म्हटले नाही.

रब्बीच्या पत्नीला युरोपातल्या ज्यूंच्या यिद्दिश भाषेत 'रेबेत्सिन' म्हणतात, हिब्रूत 'रब्बानित'. आपल्याकडे मास्तरांच्या बायकोला गावात मास्तरीणबाई म्हणतात ना, तसेच हे. म्हणून मी तिला आपले 'रब्बीणबाई' म्हणतो. मास्तरीणबाईंना कोणी नेमणूकपत्र देत नाही, पगार देत नाही; पण गावातल्या पोरीबाळी, सुना अडचण घेऊन आधी त्यांच्याकडेच जातात. रब्बीणबाईंचेही तसेच. लग्न ठरलेल्या मुलीला संसाराचे धर्मनियम त्या सांगतात. स्त्रियांच्या शुद्धिस्नानाचे जे कुंड असते, त्याची देखरेख बहुधा त्यांच्याकडे. शुक्रवारी सूर्य मावळला की शब्बाथ लागतो, म्हणजे ज्यूंचा विश्रांतीचा शनिवार सुरू होतो. त्या रात्री परगावचा पाहुणा उपाशी राहू नये, हेही त्याच पाहतात. पूर्व युरोपातल्या गावांत तर रब्बीच्या घरचा चरितार्थ पुष्कळदा तिच्याच हातावर चाले. गावात खमीर आणि मेणबत्त्या विकण्याचा हक्क रब्बीच्या घराला दिलेला असे. गेल्या शतकात रादून नावाच्या छोट्या गावी इस्राएल मेअर कागान हे जगन्मान्य रब्बी राहत. १९३३ साली ते वारले. त्यांच्या उमेदीच्या काळात घरचे किराणा दुकान त्यांची पत्नी चालवी, आणि मापात खोट येऊ नये म्हणून ते स्वतः लक्ष ठेवीत.

रब्बीणबाईंचा मान किती मोठा, हे सांगणारी एक जुनी कथा ज्यू घरांत आवडीने सांगतात. अकिवा नावाचा एक निरक्षर मेंढपाळ होता. धन्याच्या मुलीने, राहेलने, त्याच्यातला गुण ओळखला आणि शिकायला जाशील तर तुझ्याशी लग्न करते म्हणाली. बापाने तिला घराबाहेर काढले. तिने दारिद्र्य सोसले आणि नवऱ्याला गुरुगृही पाठवले. कथा सांगते की तो चोवीस वर्षे शिकला आणि चोवीस हजार शिष्य घेऊन परत आला. गर्दीतून एक फाटक्या लुगड्यातली बाई पुढे येऊ लागली. शिष्य तिला मागे ढकलू लागले. तेव्हा अकिवा म्हणाला की तिला येऊ द्या; माझी विद्या काय आणि तुमची विद्या काय, सगळी तिचीच आहे. रब्बी अकिवा हा इतिहासातला खरा माणूस, दुसऱ्या शतकात रोमनांच्या हातून मारला गेला. चोवीस हजारांचा आकडा कथेचा म्हणून सोडून द्या. पण लोकांनी काय जपून ठेवले ते पाहा.

दुसरी बाई ब्रूरिया, रब्बी मेईर यांची पत्नी. ही स्वतःच शास्त्र जाणणारी. शेजारच्या गुंडांनी मेईर यांना फार छळले. ते मरोत, अशी प्रार्थना मेईर करू लागले. ब्रूरियाने त्यांना ग्रंथाचे वचन काढून दाखवले आणि म्हटले की पापी मरोत असे मागू नका, पाप मरो असे मागा. नवऱ्याने ऐकले, आणि गुंड सुधारले असे कथा सांगते.

हे सारे जुन्या काळचे झाले. अलीकडचे उदाहरण आपल्या मुंबईतले आहे, आणि ते सांगताना मन जड होते. कुलाब्याच्या नरिमन हाउसमध्ये गाव्रिएल होल्ट्झबर्ग हे तरुण रब्बी आणि त्यांची पत्नी रिव्का राहत होती. मुंबईत येणाऱ्या कोणाही ज्यू प्रवाशाला तिथे जेवण आणि निवारा मिळे. नोव्हेंबर २००८ च्या दहशतवादी हल्ल्यात नवरा-बायको दोघेही पाहुण्यांसह मारली गेली. त्यांचे दोन वर्षांचे मूल त्याला सांभाळणाऱ्या भारतीय बाईने छातीशी धरून बाहेर काढले, म्हणून वाचले. रब्बीचे घर म्हणजे काय, हे त्या घराने मुंबईला दाखवले.

एक गोष्ट इथेच नोंदवतो. रब्बी म्हणजे पुरुषच, हे आता सर्वत्र खरे राहिलेले नाही. १९३५ साली जर्मनीत रेगिना योनास या बाईंना रब्बीपद मिळाले. १९४४ साली नाझींनी त्यांना आउश्वित्झच्या छावणीत ठार केले. १९७२ पासून अमेरिकेतल्या सुधारक पंथात स्त्रिया रब्बी होऊ लागल्या. जुन्या वळणाचे पंथ बहुतांशी हे मानीत नाहीत. पण जिथे मानतात तिथे गुरुजींचा प्रश्न उलटा विचारावा लागेल: रब्बीला नवरा असतो का?

आता लग्नाकडे वळू. ज्यू लग्नात चार खांबांवर छत धरतात. त्याला 'हुप्पा' म्हणतात. त्याखाली वर वधूच्या बोटात अंगठी घालतो आणि मोशेच्या नियमाप्रमाणे तिला आपली करून घेतो, असे शब्द उच्चारतो. दोन साक्षीदार ते पाहतात. लग्नाचा करारनामा, म्हणजे 'केतुबा', वाचला जातो. सात आशीर्वाद म्हटले जातात. शेवटी वर पायाखाली काचेचा पेला फोडतो. ऐन आनंदातही यरुशलेमचे जळालेले मंदिर विसरू नये, म्हणून ही खूण.

केतुबा ही मोठी विचार करण्याजोगी वस्तू आहे. त्यात प्रेमाच्या गोष्टी नाहीत, जबाबदारीच्या आहेत. नवऱ्याने बायकोला अन्नवस्त्र द्यावे. आणि तिला सोडले, किंवा तो आधी वारला, तर तिला ठरावीक रक्कम मिळावी. प्रथम लग्न होणाऱ्या मुलीसाठी ही रक्कम दोनशे झूझ, विधवेसाठी शंभर. झूझ हे जुने चांदीचे नाणे. दोनशे झूझ ही त्या काळी बेताची रक्कम नव्हती. पुरुषाने रागाच्या भरात बायकोला सहज घराबाहेर काढू नये, हा त्यातला हेतू. हा कागद बायकोच्या ताब्यात राहतो.

आता गंमत अशी की, या सगळ्यात रब्बी कुठेच अत्यावश्यक नाही! शास्त्राप्रमाणे लग्न लागते ते वराच्या कृतीने, वधूच्या संमतीने आणि दोन साक्षीदारांनी. मग रब्बी हवा कशाला? तुम्ही शेतकरी मंडळी हे चटकन समजाल. जमिनीचा व्यवहार घेणाऱ्या-देणाऱ्यांत होतो, तलाठ्यात नव्हे. पण सातबारा कोणी पाहिलाच नाही, आणि मागाहून जुना बोजा निघाला, तर पोरांबाळांपर्यंत कज्जा चालतो. बाईची तुलना जमिनीशी करायची नाही, बरं का. उपमा फक्त नोंदीपुरती. रब्बीचे खरे काम हे की, ही दोन माणसे लग्नाला मोकळी आहेत ना, आधीची गाठ नीट सुटली आहे ना, हे तपासावे.

आणि गाठ सुटण्याचा नियम मात्र फार कडक आहे. नवरा जिवंत असेल तर ज्यू स्त्री पुन्हा लग्नाला मोकळी होते ती 'गेट' मिळाल्यावरच. गेट म्हणजे सोडचिठ्ठी. ती बारा ओळींत, त्याच जोडप्यासाठी मुद्दाम लिहिलेली असते. नवरा-बायकोची नावे, गावाचे नाव, गावच्या नदीचे नाव, सगळे अचूक हवे. साक्षीदारांसमक्ष ती नवऱ्याने बायकोच्या हातात द्यायची. सुमारे हजार साली जर्मनीतल्या माइन्झ शहरी रब्बी गेर्शोम यांनी निर्बंध घातला की बायकोच्या मनाविरुद्ध तिला गेट देता येणार नाही, आणि एक बायको असता दुसरी करता येणार नाही. युरोपातल्या ज्यूंनी तो मानला. स्त्रीच्या बाजूने ही मोठीच सुधारणा होती.

तरी एक फट राहिलीच. नवऱ्याने गेट दिलेच नाही तर? किंवा तो समुद्रात, लढाईत बेपत्ता झाला तर? अशा स्त्रीला 'अगुना' म्हणतात, म्हणजे अडकलेली, नांगराला बांधलेल्या होडीसारखी. तिला ना नवरा, ना सुटका. रब्बींना याची टोचणी शतकानुशतके लागलेली आहे. एरवी दोन पुरुष साक्षीदार मागणारे शास्त्र इथे सैल केले आहे. नवऱ्याचा मृत्यू पाहिलेला एकच साक्षीदार पुरे, तीही बाई असली तरी चालते. एका अडकलेल्या स्त्रीला मोकळे करण्यासाठी रब्बींनी रात्र रात्र ग्रंथ उलटले आहेत. पण नवरा जिवंत असून अडून बसला, तर त्यांचेही हात बांधलेले. इस्रायलमध्ये १९९५ साली कायदा झाला. त्याप्रमाणे धर्मन्यायालयाचा हुकूम न पाळणाऱ्या नवऱ्याचा वाहन चालवण्याचा परवाना रोखता येतो, परदेशी जाणे अडवता येते, त्याला तुरुंगातही टाकता येते. तरी गाऱ्हाणी संपलेली नाहीत.

गेट न घेता स्त्रीने दुसरे लग्न केले, तर शास्त्र ते लग्न मानीत नाही. त्याहून कठीण म्हणजे, त्यातून झालेल्या मुलांवर कायमचा डाग बसतो. अशा संततीला 'मामझेर' म्हणतात. तिने इतर ज्यूंशी लग्न करायचे नाही. आपल्यासारख्याच कोणाशी किंवा धर्मांतराने ज्यू झालेल्याशीच करायचे, आणि हा नियम पुढच्या पिढ्यांनाही लागू. मुलांचा यात काय अपराध, असे तुम्ही विचाराल. जुन्या रब्बींनीही हेच विचारले आहे. म्हणूनच ज्याची कुळी नीट ठाऊक नाही तिथे फार खोल खणू नये, असे त्यांतील पुष्कळांचे धोरण होते.

हे सारे एवढ्या तपशिलाने सांगितले, कारण यापुढची गोष्ट आपल्या माणसांची आहे.

रायगड जिल्ह्यात, अलिबागेजवळ, नवगाव म्हणून गाव आहे. फार जुन्या काळी तिथल्या खडकांवर एक गलबत फुटले आणि त्यातून सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, अशी बेने इस्रायल समाजाची परंपरा सांगते. बेने इस्रायल म्हणजे इस्रायलची लेकरे. किनाऱ्यालगतच्या गावांत ही मंडळी वसली, तेलाचे घाणे चालवू लागली, आणि शनिवारी घाणा बंद ठेवीत म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणू लागले. भाषा मराठी, लुगडे-पागोटे मराठी, आडनावे गावांवरून: केहिमकर, दिवेकर, पेणकर, रोहेकर, राजपूरकर. पण मुलाची सुंता आठव्या दिवशी, शनिवार पाळायचा, निषिद्ध मांस आणि मासळी वर्ज्य, आणि ईश्वर एक आहे असे सांगणारी हिब्रू प्रार्थना प्रत्येक प्रसंगी म्हणायची. एवढा ठेवा त्यांनी ग्रंथ हाताशी नसताना, केवळ तोंडी, पिढ्यान्‌पिढ्या सांभाळला.

त्यांच्याजवळ काय नव्हते? रब्बी नव्हता. दावीद रहाबी नावाच्या एका जाणत्याने त्यांना ओळखले, धर्माचे पाठ दिले आणि काही घराण्यांतली माणसे तयार केली, असे ते सांगतात. त्या माणसांना 'काजी' म्हणत. ते गावोगाव जाऊन लग्ने लावीत, तंटे मिटवीत. पुढे १७९६ साली सामुएल येहेज्केल दिवेकर यांनी मुंबईत मांडवी भागात समाजाचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले. समाजातले लोक त्याला मशीदच म्हणत. मग अलिबाग, रेवदंडा, पनवेल इथेही मशिदी झाल्या. लग्ने 'हजान' लावू लागला. हजान म्हणजे प्रार्थना चालवणारा. लग्नात वधूच्या हाताला मेंदी लागे, गळ्यात मंगळसूत्र पडे, एलियाहू हनावीच्या नावाने पोहे, गूळ-साखर, खोबरे आणि फळे घालून मलिदा होई. आणि त्याच मांडवात केतुबा वाचली जाई, पेलाही फुटे. वधू येताना वर स्वतः हिब्रू गीत गाऊन तिचे स्वागत करी. दोन परंपरा अशा एका पाटावर बसल्या होत्या.

१९४८ साली इस्रायल राष्ट्र स्थापन झाले आणि हे लोक हळूहळू तिकडे जाऊ लागले. त्यांना इथून कोणी हाकलले नव्हते. भारतात त्यांचा कधी छळ झाला नाही, हे ते स्वतःच अभिमानाने सांगत. ते गेले ते श्रद्धेने आणि नव्या आयुष्याच्या ओढीने. पण तिथे लग्नाच्या दारात एक अडसर उभा होता. इस्रायलमध्ये १९५३ च्या कायद्याने ज्यूंचे लग्न आणि घटस्फोट रब्बींच्या न्यायालयाकडे सोपवलेले आहेत. आपल्याकडे १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने नोंदणी पद्धतीचे लग्न करता येते, तशी सोय तिथे ज्यूंना नाही. रब्बीने नाही म्हटले, तर त्या देशात लग्न नाही.

आणि काही रब्बी नाही म्हणू लागले. त्यांची शंका अशी: या लोकांत शेकडो वर्षे रब्बी नव्हता. मग कोणा नवरा-बायकोची फारकत झाली असेल तेव्हा शास्त्रोक्त गेट लिहिले कोणी? गेट नसताना त्या बाईने दुसरे लग्न केले असेल तर? त्या संततीचे वंशज आज समोर उभे असतील तर? १९६२ च्या आरंभी मुख्य रब्बींच्या मंडळाने रब्बींना सूचना काढल्या. बेने इस्रायल ज्यूच आहेत, त्यांच्याशी लग्नाला बंदी नाही, असे मंडळाने म्हटले. पण बेने इस्रायल वधू किंवा वर इतर ज्यूंशी लग्न करणार असेल, तर त्यांच्या आईची, आजीची, आणि शक्य तितक्या मागच्या पिढ्यांची चौकशी करावी, असेही त्याच सूचनांत होते.

आता तुम्हीच विचार करा. आपल्यापैकी कितीजण पणजीचे माहेरचे नाव सांगू शकतील? रेवदंड्याच्या घाणेवाल्याच्या नातवाने, आपल्या खापरपणजीची फारकत झाली नव्हती, हे कोणत्या कागदाने सिद्ध करायचे? जिथे रब्बीच नव्हता, तिथे रब्बीची चिठ्ठी कुठून आणायची? समाजातले जाणते परोपरीने सांगत होते की आमच्यात काडीमोड जवळजवळ नव्हताच. शेजारच्या उच्चवर्णीयांप्रमाणे आमच्या विधवाही बहुधा पुन्हा लग्न करीत नसत. ज्या गोष्टीबद्दल शंका घेतली जात होती, ती त्यांच्यात मुळात दुर्मीळ होती. आणि चौकशीच्या सूचनांत नाव फक्त त्यांचेच होते. लग्न ठरलेल्या मुलीला, 'तुझी कुळी तपासायची आहे' असे चारचौघांत ऐकावे लागले तर तिच्या मनाचे काय होईल, हे मुलीच्या बापांना मी सांगायला नको.

बेने इस्रायलांनी हे सोसून घेतले नाही. सभा झाल्या, मोर्चे निघाले, १९६४ च्या उन्हाळ्यात यरुशलेममध्ये माणसे धरणे धरून बसली. इतर ज्यूंतलेही अनेक जण त्यांच्या बाजूने बोलू लागले. १७ ऑगस्ट १९६४ रोजी इस्रायलच्या संसदेची, म्हणजे क्नेसेटची, खास बैठक झाली. बेने इस्रायल हे सर्व दृष्टींनी ज्यू आहेत, इतरांच्या बरोबरीचे आहेत, आणि त्यांना वेगळे वागवले जात आहे असे वाटण्याची कारणे रब्बींच्या मंडळाने दूर करावीत, असे तिथे ठरले. महिनाअखेरीस मंडळाने सूचनांतून बेने इस्रायलांचे नाव काढले आणि, ज्या कोणाबद्दल शंका असेल त्याची चौकशी करावी, असे सर्वसामान्य शब्द घातले. नियम उरला, पण एका समाजाच्या कपाळी मारलेला शिक्का गेला.

या गोष्टीत रब्बींना खलपुरुष ठरवणे सोपे आहे. पण त्यांच्यापुढचा पेचही खरा होता. एकदा लग्न लावून दिले आणि मागाहून दोष निघाला, तर भोगणार मुलेच, अशी त्यांची भीती. चूक झाली ती, माझ्या मते, दुसऱ्या ठिकाणी. शंका नियमाची होती आणि ओझे टाकले ते सर्वांत दुबळ्याच्या, नव्याने आलेल्या माणसाच्या खांद्यावर. अडकलेल्या बाईला सोडवण्यासाठी ज्या परंपरेने पुराव्याचे नियम सैल केले, त्याच परंपरेतल्या लोकांनी इथे पुरावा मागताना हात आखडला.

आणि प्रामाणिकपणे हेही सांगितले पाहिजे की बेने इस्रायलांतही पूर्वी गोरे आणि काळे असा भेद होता. परजातीच्या आईची संतती ती काळी, असे मानून तिच्याशी रोटीबेटीचा व्यवहार करीत नसत. कुळीच्या शंकेने माणसाला बाजूला बसवणे, ही खोड कोणा एका देशाची वा धर्माची नाही. आपण आपल्या गावच्या पंगती आठवल्या तरी पुरे.

आज काय स्थिती आहे? १९५१ च्या शिरगणतीत भारतात सुमारे सव्वीस हजार ज्यू होते. २०११ च्या शिरगणतीत ते पाच हजारांच्या आत आले. त्यांपैकी बरेचसे महाराष्ट्रात, मुंबई-ठाणे-रायगडच्या पट्ट्यात आहेत. २०१६ साली महाराष्ट्र शासनाने त्यांना अल्पसंख्याक समाजाचा दर्जा दिला. इस्रायलमध्ये बेने इस्रायल इथल्यापेक्षा कित्येक पटींनी अधिक आहेत. दिमोना, अश्दोद, लोद, बेर्शेबा या गावांत आजही म्हाताऱ्या बाया मराठीत बोलतात, मलिदा करतात. 'मायबोली' नावाचे मराठी नियतकालिकही त्यांनी तिथे चालवले.

शिक्षक मित्रांना एक सुचवतो. इतिहासाच्या किंवा भूगोलाच्या तासाला मुलांना नकाशावर नवगाव दाखवा, आणि मग यरुशलेम दाखवा. मुलांना विचारा, तुमच्या आजीचे माहेर कुठले? पणजीचे? तिच्या आईचे? तिसऱ्या प्रश्नाला वर्ग गप्प होईल. मग त्यांना १९६२ च्या सूचना सांगा. मुलांना वेगळे स्पष्टीकरण द्यावे लागणार नाही. आणि वाचकहो, आपल्या घरचे लग्न झाले की त्याची नोंद करून दाखला जपून ठेवा. लग्नात खर्च झालेल्या हजारो रुपयांपेक्षा तो एक कागद पुढे लेकीला अधिक उपयोगी पडतो. दोनशे झूझ लिहून देणाऱ्या जुन्या रब्बींनी हे फार पूर्वी ओळखले होते.

चहाच्या वेळी प्रश्न विचारणाऱ्या त्या गुरुजींना मी हे सारे नंतर पत्राने कळवले. त्यांचे उत्तर आले. त्यांनी लिहिले होते की पत्र आमच्या हिने आधी वाचले, आणि अकिवाची गोष्ट मला दोनदा वाचून दाखवली.